नाव देशाचं, नाव माणसांचं: मॅसिडोनियाच्या वादाचा आढावा

८ एप्रिल १९९३ रोजी संयुक्त राष्ट्रसंघाला १८१वा सदस्य मिळाला, पण त्याला बसवायचं कुठे, हा प्रश्न होता. आमसभेत देश इंग्रजी वर्णानुक्रमाने बसतात. नव्या देशाच्या राज्यघटनेतलं नाव 'मॅसिडोनिया प्रजासत्ताक'. म्हणजे जागा 'एम'मध्ये, पण ते ग्रीसला मान्य नव्हतं. राष्ट्रसंघाने त्याला तात्पुरतं संबोधन दिलं होतं, 'द फॉर्मर युगोस्लाव्ह रिपब्लिक ऑफ मॅसिडोनिया', म्हणजे 'पूर्वीचं युगोस्लाव्ह प्रजासत्ताक मॅसिडोनिया'. 'फॉर्मर'च्या 'एफ'मध्ये बसायला मॅसिडोनिया तयार नव्हता. तिथे बसणं म्हणजे 'पूर्वीचं' हेच आपलं नाव आहे, असं कबूल करणं झालं असतं. शेवटी 'द' या उपपदाच्या 'टी'वर दोघांनी मान डोलावली आणि हा देश थायलंडच्या शेजारी जाऊन बसला. बाहेर सदस्य देशांच्या ध्वजांच्या रांगेत त्याचा ध्वज लागला नाही, कारण ध्वजावरही वाद होता. ती जागा १९९५पर्यंत रिकामी राहिली.

जेमतेम वीस लाख वस्तीचा हा देश. त्याच्या नावाचा वाद १९९१ साली सुरू झाला आणि २०१९ साली कागदावर मिटला. एवढ्या काळात एक पिढी जन्मली, शिकली आणि मतदानाला लागली. देशाचं नाव वादात सापडलं की लोकांच्या स्वतःविषयीच्या कल्पनेचं काय होतं, हे समजून घ्यायला याइतकं तपशिलाने नोंदलं गेलेलं दुसरं उदाहरण मला माहीत नाही. या वादाची मुळं, त्याने दोन्ही बाजूंच्या लोकांवर केलेले परिणाम आणि त्यातून निघालेली वाट, या तिन्हींचा हा आढावा आहे.

एका नावाचे तीन अर्थ

'मॅसिडोनिया' या शब्दाचे निदान तीन अर्थ आहेत, आणि वादाचं मूळ त्यांच्या सरमिसळीत आहे.

पहिला अर्थ प्राचीन राज्याचा. फिलिप दुसरा आणि त्याचा मुलगा अलेक्झांडर यांचं हे राज्य. त्याच्या राजधान्या एगाई आणि पेल्ला आज ग्रीसच्या हद्दीत आहेत. दुसरा अर्थ भूप्रदेशाचा. ऑटोमन साम्राज्याच्या अखेरच्या काळात मॅसिडोनिया म्हणून ओळखल्या जाणाऱ्या मुलखात स्लाव्ह, ग्रीक, तुर्क, अल्बेनियन, व्लाख, रोमा आणि थेस्सालोनिकीचे ज्यू शेजारी शेजारी राहत होते. १९१२-१३च्या बाल्कन युद्धांनंतर या मुलखाची वाटणी झाली. निम्म्याहून थोडा अधिक भाग ग्रीसला, त्याहून कमी सर्बियाला आणि साधारण एक दशांश बल्गेरियाला गेला. तिसरा अर्थ आधुनिक राष्ट्राचा. बल्गेरियनला जवळची, पण स्वतंत्र स्लाव्ह भाषा बोलणारे लोक, आणि सर्बियाकडे गेलेल्या वाट्यातून १९४४ साली युगोस्लाव्हियाच्या अंतर्गत उभं राहिलेलं त्यांचं प्रजासत्ताक.

या तिसऱ्या अर्थाला ग्रीसमध्ये, युगोस्लाव्हियाच्या साम्यवादी नेत्याच्या नावावरून, 'टिटोने बनवलेलं राष्ट्र' म्हटलं जातं. ते अर्धसत्य आहे. १९०३ साली क्र्स्ते मिसिर्कोव यांनी मॅसिडोनियन लोकांची स्वतंत्र ओळख आणि स्वतंत्र लेखनभाषा यांची मांडणी करणारं पुस्तक बल्गेरियाच्या राजधानीत, सोफियात, छापलं होतं. त्याच वर्षी २ ऑगस्टला ऑटोमन सत्तेविरुद्ध इलिंदेनचा उठाव झाला. तो आज मॅसिडोनियन आणि बल्गेरियन दोघेही आपलाच मानतात. १९४५च्या मे महिन्यात वर्णमाला ठरली आणि पुढे ब्लाझे कोनेस्की यांच्यासारख्या भाषाशास्त्रज्ञांनी प्रमाणभाषेला व्याकरण दिलं. राज्यसत्तेने त्या ओळखीला शाळा, वर्तमानपत्रं आणि शब्दकोश दिले, हे खरं आहे. ती ओळख राज्यसत्तेने शून्यातून काढली, हे खरं नाही.

ती लोकांनी इतक्या जिवापाड का जपली, हे कळायला एका माणसाच्या आयुष्याएवढा काळ डोळ्यांसमोर आणावा. १९०० साली स्कोप्येत, म्हणजे या देशाच्या आजच्या राजधानीत, जन्मलेलं मूल सुलतानाची प्रजा होतं. १९१३नंतर ते सर्बियन झालं, पहिल्या महायुद्धात बल्गेरियाच्या ताब्यात गेलं, मग पुन्हा बेलग्रेडच्या राज्यात आलं, १९४१ साली पुन्हा बल्गेरियाच्या आणि १९४४नंतर युगोस्लाव्हियाच्या. याच शहरात १९१० साली एका अल्बेनियन घरात मदर तेरेसांचा जन्म झाला, तेव्हा त्याचं तुर्की नाव उस्कुब होतं. सर्बियन राजवट इथल्या स्लाव्हांना 'दक्षिणेकडचे सर्ब' म्हणे, बल्गेरिया 'बल्गेरियन' म्हणे, आणि सीमेपलीकडे ग्रीस आपल्याकडच्या स्लाव्ह भाषकांना 'स्लाव्ह बोलणारे ग्रीक' म्हणे. तिथे गावांची स्लाव्ह नावं बदलली गेली आणि १९३६नंतर मेटाक्सासच्या हुकूमशाहीत ती भाषा बोलण्यावरही बंदी आली. ज्यांना तीन शेजाऱ्यांनी तीन नावं दिली, त्यांना चौथं, आपण स्वतःसाठी निवडलेलं नाव किती मोलाचं वाटलं असेल, याचा अंदाज यावरून येतो.

पण ग्रीक बाजूलाही तितकीच खरी वेदना आहे आणि ती हट्ट म्हणून उडवून लावता येत नाही. १९२३च्या लोकसंख्या-अदलाबदलीत आशिया मायनरमधून उखडले गेलेले लाखो ग्रीक निर्वासित उत्तर ग्रीसच्या मॅसिडोनिया प्रांतात वसवले गेले. घर गेलं, गाव गेलं. नव्या मातीचं नाव हीच त्यांच्या मुलांची ओळख झाली. पुढे १९४६ ते १९४९च्या यादवी युद्धात उत्तरेच्या साम्यवादी शेजाऱ्यांनी बंडखोरांना मदत केली, बंडखोरांच्या फौजेत स्लाव्ह भाषक मोठ्या संख्येने होते आणि 'संयुक्त मॅसिडोनिया'ची भाषा ऐकू येत होती. आपला प्रांत हातचा जाईल ही भीती तिथल्या घराघरांत शिरली. थेस्सालोनिकीतला माणूस 'मी मॅसिडोनियन' म्हणतो तेव्हा तोही खोटं बोलत नाही. एकाच शब्दावर दोन लोकसमूहांचा जीव जडलेला होता, आणि दोघांनाही वाटत होतं की दुसऱ्याने तो उच्चारला की आपला गेला.

नाव नाकारलं जातं तेव्हा

८ सप्टेंबर १९९१च्या सार्वमताने मॅसिडोनिया युगोस्लाव्हियापासून वेगळा झाला. युगोस्लाव्हियाच्या फाळणीत रक्ताचे पाट वाहत असताना हे प्रजासत्ताक मात्र गोळी न झाडता बाहेर पडलं. ग्रीसने तीन आक्षेप घेतले. पहिला आक्षेप नावावर, दुसरा ध्वजावर आणि तिसरा, शेजारच्या देशांतल्या मॅसिडोनियन लोकांची काळजी घेण्याच्या घटनेतल्या कलमावर. जानेवारी १९९२मध्ये मॅसिडोनियाने घटनादुरुस्ती करून आपला कोणाच्याही भूमीवर दावा नाही, असं लिहून दिलं. युरोपीय समुदायाने नेमलेल्या बादांतेर आयोगाने त्याच महिन्यात निर्वाळा दिला की हा देश मान्यतेच्या अटी पूर्ण करतो आणि त्याच्या नावातून परभूमीवरचा दावा निघत नाही. तरीही जून १९९२मध्ये लिस्बनच्या बैठकीत युरोपीय नेत्यांनी ठरवलं की 'मॅसिडोनिया' हा शब्द नसलेल्या नावानेच त्याला मान्यता द्यायची.

त्याआधी फेब्रुवारी १९९२मध्ये थेस्सालोनिकीत लाखोंचा मोर्चा निघाला होता. 'मॅसिडोनिया ग्रीक आहे' ही घोषणा तिथून देशभर गेली. परराष्ट्रमंत्री अंतोनिस सामारास यांना ताठर भूमिकेमुळे मंत्रिपद गमवावं लागलं. त्यांनी वेगळा पक्ष काढला आणि १९९३मध्ये सरकारच पडलं. नावाचा वाद समोरच्या देशाइतकाच आपल्याही राजकारणाचा ताबा घेतो, याचं हे पहिलं दर्शन होतं. तडजोडीचा शब्द काढणारा नेता अथेन्समध्ये देशद्रोही ठरू लागला, आणि तसाच तो स्कोप्येतही ठरू लागला.

ध्वजाची गोष्ट अशी. १९७७ साली पुरातत्त्वज्ञ मानोलिस आंद्रोनिकोस यांना व्हर्जिना इथल्या उत्खननात एका राजथडग्यात सोन्याची पेटी सापडली. तिच्या झाकणावर सोळा किरणांचा सूर्य होता. व्हर्जिना म्हणजेच प्राचीन एगाई. ऑगस्ट १९९२मध्ये मॅसिडोनियाने हाच सूर्य लाल पार्श्वभूमीवर घेऊन आपला ध्वज केला. इलिंदेनच्या उठावाचं, स्वतःच्या लेखकांचं किंवा ओह्रिदच्या सरोवराकाठच्या मठांचं चिन्ह हाताशी असताना नव्या राष्ट्राने शेजाऱ्याच्या मातीतून नुकतीच निघालेली खूण उचलली. माझ्या मते ती त्याची मोठी चूक होती.

फेब्रुवारी १९९४मध्ये ग्रीसने नाकेबंदी केली. उत्तरेला सर्बियावर राष्ट्रसंघाचे निर्बंध होते, म्हणजे तोही रस्ता बंद. समुद्रकिनारा नसलेल्या या देशाला थेस्सालोनिकीचं बंदर म्हणजे श्वासनलिका. ती दीड वर्षाहून अधिक काळ आवळली गेली. १३ सप्टेंबर १९९५ रोजी न्यूयॉर्कमध्ये अंतरिम करार झाला. मॅसिडोनियाने ध्वज बदलून आजचा आठ किरणांचा सूर्य घेतला. ग्रीसने नाकेबंदी उठवली आणि तात्पुरत्या संबोधनाखाली हा देश आंतरराष्ट्रीय संस्थांत येत असेल तर अडवणार नाही, असं कबूल केलं. नावाचा प्रश्न पुढच्या वाटाघाटींवर सोडला गेला. राष्ट्रसंघाचे दूत म्हणून मॅथ्यू निमेट्झ हे अमेरिकी वकील त्यानंतर जवळजवळ दोन दशकं या एकाच प्रश्नावर काम करत राहिले.

या काळात सामान्य माणसाच्या वाट्याला काय आलं? सव्वाशेहून अधिक देश द्विपक्षीय व्यवहारात 'मॅसिडोनिया प्रजासत्ताक' म्हणत होते, अमेरिकाही नोव्हेंबर २००४पासून म्हणू लागली. पण ऑलिंपिकच्या संचलनात, युरोपीय गायनस्पर्धेत, संस्थांच्या कागदपत्रांत तेच लांबलचक संबोधन लागत राहिलं. ग्रीसमध्ये त्यांना राजधानीच्या नावावरून 'स्कोपियानी', म्हणजे 'स्कोप्येवाले', म्हणत. स्वतःची ओळख करून द्यायला उभं राहावं आणि प्रत्येक वेळी कोणीतरी मधेच थांबवून 'तुम्ही ते नाहीच' म्हणावं, असं वर्षानुवर्षं घडत होतं. सतत नाकारल्या जाणाऱ्या नावाला माणूस दुप्पट घट्ट धरतो, आणि हाताची मूठ अशी आवळलेली असली की नवं काही धरायला ती उघडत नाही.

अलेक्झांडरचा आधार

पहिले राष्ट्राध्यक्ष किरो ग्लिगोरोव यांनी सुरुवातीलाच स्पष्ट सांगितलं होतं की आम्ही सहाव्या शतकाच्या सुमारास या भागात आलेले स्लाव्ह आहोत, आमचा अलेक्झांडरच्या वंशाशी संबंध नाही. पंधरा वर्षांनी हे वाक्य त्यांच्या देशात बोलणं कठीण झालं.

२००६मध्ये सत्तेवर आलेल्या निकोला ग्रुएव्स्की यांच्या सरकारने स्कोप्येच्या विमानतळाला अलेक्झांडरचं नाव दिलं. मग महामार्गाला दिलं, आणि स्टेडियमला फिलिपचं. एप्रिल २००८मध्ये बुखारेस्टच्या नाटो परिषदेत ग्रीसने मॅसिडोनियाचा प्रवेश रोखला. पुढे डिसेंबर २०११मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयाने पंधरा विरुद्ध एक मतांनी ठरवलं की हे १९९५च्या कराराचं उल्लंघन होतं. पण निकालाने दार उघडलं नाही. बुखारेस्टच्या अपमानानंतर प्राचीनतेचा ओढा आणखी वाढला. जुलै २००८मध्ये काश्मीरच्या उत्तरेकडच्या हुंझा खोऱ्यातलं राजघराणं स्कोप्येत आलं, आणि अलेक्झांडरच्या सैनिकांचे वंशज, म्हणजे दूर गेलेले आपले बांधव, म्हणून त्यांचं सरकारी इतमामाने स्वागत झालं.

२०१०मध्ये 'स्कोप्ये २०१४' हा प्रकल्प जाहीर झाला. १९६३च्या भूकंपात हजाराहून अधिक माणसं गेली आणि शहराचा मोठा भाग कोसळला होता. त्यानंतर जपानी वास्तुरचनाकार केन्झो तांगे यांच्या आराखड्यावर स्कोप्ये पुन्हा उभं राहिलं. ते जगभरच्या मदतीतून उभं राहिलेलं आधुनिक शहर होतं. आता त्याच्या मध्यभागी प्राचीन ग्रीक थाटाचे खांब, कमानी आणि डझनावारी पुतळे उभे राहिले. मुख्य चौकात घोड्यावरचा भव्य योद्धा आला. त्याचं अधिकृत नाव नुसतं 'घोडेस्वार योद्धा', पण तो अलेक्झांडर आहे हे लहान मूलही सांगेल. सुरुवातीचा अंदाज आठ कोटी युरोंचा होता. शोधपत्रकारांनी पुढे मांडलेला हिशेब पन्नास कोटींच्या वर गेला. बेरोजगारी युरोपात सर्वाधिक असलेल्या देशांपैकी हा एक होता.

नावाच्या वादाचा ओळखीवर होणारा सर्वांत खोल परिणाम मला इथे दिसतो. वाद झाला नसता तर मॅसिडोनियन लोकांच्या अभिमानाच्या जागा त्यांच्याच होत्या: स्लाव्ह साक्षरतेचं आद्य केंद्र असलेलं ओह्रिद, इलिंदेनचा उठाव, फॅसिझमविरुद्धचा लढा, आणि मोठ्या कष्टाने प्रमाण झालेली भाषा. ग्रीसने 'तुम्ही अलेक्झांडरचे नाही' असं म्हटलं, आणि या लोकांनी आपली सगळी ओळख त्याच एका वाक्याचं खंडन करण्यात ओतली. दुसऱ्याने आखलेल्या रिंगणात शिरून भांडणारा माणूस आपलं अंगण विसरतो, तसं झालं. ज्या वारशावर कोणाचा वाद नव्हता तो मागे पडला आणि ज्यावर त्यांचा दावा सर्वांत दुबळा होता तोच पुढे आला.

नावाआड झाकलेले भेद

या भांडणात आणखी एक गोष्ट झाकली गेली. २००२च्या जनगणनेत मॅसिडोनियन ६४ टक्के आणि अल्बेनियन २५ टक्के होते. उरलेले तुर्क, रोमा, सर्ब, व्लाख. अल्बेनियन नागरिकांच्या दृष्टीने 'मॅसिडोनियन' हे राज्याचं नाव होतं, स्वतःचं नव्हतं. २००१मध्ये अल्बेनियन बंडखोर आणि सरकार यांच्यात सशस्त्र संघर्ष झाला आणि ऑगस्टमध्ये ओह्रिद कराराने तो थांबला. त्या कराराने भाषेचे, नोकऱ्यांचे आणि स्थानिक कारभाराचे हक्क वाढवले.

स्कोप्येच्या चौकात अलेक्झांडर उभा राहिला तेव्हा ग्रीसइतकाच दुरावा वार्दार नदीच्या पलीकडच्या जुन्या बाजारातल्या अल्बेनियन मुस्लिमालाही वाटला असणार. देश बाहेर नावासाठी लढत असेल तर आत 'या नावात आम्ही कुठे आहोत' असं विचारणारा नागरिक फितूर ठरतो. म्हणून अल्बेनियन पक्षांनी पुढे नावाच्या तडजोडीला पाठिंबा दिला, यात नवल नाही. त्यांना नाटो आणि युरोप हवा होता, आणि नावातल्या एका विशेषणाने त्यांच्या ओळखीचं काही बिघडत नव्हतं.

प्रेस्पा: नामांतर नव्हे, नामविस्तार

२०१६च्या वसंतात स्कोप्येच्या तरुणांनी सरकारी भ्रष्टाचाराविरुद्ध निदर्शनं केली आणि त्या पांढऱ्याशुभ्र नव्या इमारतींवर, पुतळ्यांवर रंग फेकला. पुढच्या वर्षी झोरान झाएव पंतप्रधान झाले. फेब्रुवारी २०१८मध्ये त्यांनी विमानतळाचं नाव बदललं आणि महामार्गाला 'मैत्री' हे नाव दिलं. ग्रीसमध्ये अलेक्सिस त्सिप्रास पंतप्रधान होते. १७ जून २०१८ रोजी दोन्ही देशांच्या सीमेवरच्या प्रेस्पा सरोवराकाठी, प्सारादेस या ग्रीक गावात करारावर सह्या झाल्या.

नवं नाव ठरलं 'सेवेर्ना माकेदोनिया', उत्तर मॅसिडोनिया. आणि ते बाहेर तसंच आतही, सर्वांसाठी. मराठी माणसाला या तोडग्याची जात लगेच ओळखू येते. मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव देण्याचा ठराव १९७८ साली झाला, मराठवाड्यात दलित वस्त्यांवर हल्ले झाले, आणि सोळा वर्षांच्या लढ्यानंतर १४ जानेवारी १९९४ रोजी जे झालं त्याला आपण 'नामांतर' न म्हणता 'नामविस्तार' म्हणतो. जुनं नाव राहिलं आणि नवं त्याला जोडलं गेलं. दोन्ही लढ्यांची कारणं वेगळी, त्यातला न्याय-अन्याय वेगळा. एका पाटीसाठी माणसं घरदार आणि जीव का पणाला लावतात, हे मात्र महाराष्ट्राला कोणी समजावून सांगायला नको. प्रेस्पातही नाव पुसलं गेलं नाही. त्याला एक दिशा जोडली गेली, आणि त्या दिशेने 'मॅसिडोनिया' मोठा आहे आणि आम्ही त्याचा एक भाग आहोत, हे मान्य झालं.

या कराराचं खरं शहाणपण मात्र नावापेक्षा त्याच्या आतल्या कलमांत आहे. देशाचं नाव बदललं. भाषेचं नाव 'मॅसिडोनियन' हेच राहिलं, फक्त ती दक्षिण स्लाव्ह गटातली आहे असं नोंदलं गेलं. राष्ट्रीयत्वाच्या रकान्यात 'मॅसिडोनियन' आणि तिरकी रेघ देऊन 'उत्तर मॅसिडोनिया प्रजासत्ताकाचा नागरिक' असं आलं. सातव्या कलमात दोन्ही देशांनी कबूल केलं की 'मॅसिडोनिया' आणि 'मॅसिडोनियन' हे शब्द दोघांसाठी दोन वेगवेगळ्या संस्कृती आणि वारसे सुचवतात. उत्तरेकडचे लोक, त्यांची भाषा आणि इतिहास प्राचीन ग्रीक संस्कृतीशी संबंधित नाहीत. व्हर्जिनाचा सूर्य सार्वजनिक वापरातून काढायचा होता आणि दोन्हीकडच्या पाठ्यपुस्तकांसाठी तज्ज्ञांची संयुक्त समिती नेमायची होती. गाड्यांच्या पाटीवर 'एमके'ऐवजी 'एनएमके' आलं, पण आंतरजालावरचं 'डॉट एमके' आणि खेळातलं 'एमकेडी' हे संक्षेप राहिले. वादात गुंतलेला एकच शब्द करारकर्त्यांनी उकलून चार धाग्यांत वेगळा केला: राज्य, नागरिकत्व, भाषा आणि वारसा.

लोकांनी हे कसं घेतलं? ३० सप्टेंबर २०१८च्या सार्वमतात मत देणाऱ्यांपैकी नव्वद टक्क्यांहून अधिकांनी होकार दिला, पण मतदान जेमतेम ३७ टक्के झालं. राष्ट्राध्यक्ष ग्योर्गे इवानोव यांनी स्वतः बहिष्कार पुकारला होता. विचारलेला प्रश्नही सरळ नव्हता: करार स्वीकारून तुम्ही युरोपीय संघ आणि नाटोच्या सदस्यत्वाला अनुकूल आहात का? नवं नाव प्रश्नात नव्हतंच. संसदेने जानेवारी २०१९मध्ये १२०पैकी ८१ मतांनी घटनादुरुस्ती केली. ग्रीक संसदेत २५ जानेवारीला १५३ विरुद्ध १४६ अशी निसटती मंजुरी मिळाली. त्याआधी त्सिप्रास यांचा सहकारी पक्ष सरकारमधून बाहेर पडला होता आणि अथेन्सच्या रस्त्यांवर पुन्हा प्रचंड मोर्चे निघाले होते. त्या उन्हाळ्यात त्सिप्रास निवडणूक हरले. पुढे सत्तेवर आलेल्यांनी विरोधात असताना करारावर टीका केली होती, पण करार मोडला नाही.

करारानंतरची कसोटी

मार्च २०२०मध्ये उत्तर मॅसिडोनिया नाटोचा तिसावा सदस्य झाला. युरोपीय संघाचं दार मात्र उघडलं नाही. ऑक्टोबर २०१९मध्ये फ्रान्सने वाटाघाटी रोखल्या आणि नोव्हेंबर २०२०मध्ये बल्गेरियाने.

बल्गेरियाचा आक्षेप ग्रीसच्या नेमका उलटा आहे, आणि म्हणून अधिक जिव्हारी लागणारा. जानेवारी १९९२मध्ये या देशाला सर्वांत आधी मान्यता देणारा देश बल्गेरिया होता. त्याला देशाच्या नावाची अडचण नव्हती. 'मॅसिडोनियन' नावाची वेगळी भाषा आणि वेगळं राष्ट्र आहे, हेच त्याला मान्य नाही. इलिंदेनच्या काळातला क्रांतिकारक गोत्से देल्चेव या भांडणाचं प्रतीक झाला आहे. त्याचा जन्म आजच्या ग्रीसमधल्या किल्किसचा, अस्थी अनेक वर्षं सोफियात होत्या, आणि १९४६मध्ये त्या स्कोप्येच्या एका चर्चच्या अंगणात आणल्या गेल्या. तिथे त्याच्या समाधीवर दोन्ही देशांची माणसं फुलं वाहतात.

२०२२च्या जुलैमध्ये फ्रान्सने मांडलेला तोडगा संसदेने स्वीकारला आणि वाटाघाटींची औपचारिक सुरुवात झाली. पुढे जाण्याची अट अशी की राज्यघटनेत बल्गेरियन समूहाचा उल्लेख करायचा. २०२१च्या जनगणनेत स्वतःला बल्गेरियन म्हणवणारे साडेतीन हजार होते. एखाद्या अल्पसंख्य समूहाचं नाव घटनेत येण्यात वाईट काहीच नाही. पण देशाचं नाव बदललं तरी दार उघडलं नाही, हे एकदा अनुभवलेले लोक आता विचारतात की यानंतर काय मागाल? मे २०२४च्या निवडणुकीत झाएव यांचा पक्ष भुईसपाट झाला. नव्या राष्ट्राध्यक्ष गोर्दाना सिल्यानोव्स्का-दावकोवा यांनी शपथविधीत देशाचा उल्लेख नुसता 'मॅसिडोनिया' असा केला आणि ग्रीक राजदूत समारंभ सोडून निघून गेल्या. नामविस्तार कायद्यात उतरला आहे, तोंडात अजून बसलेला नाही.

इतर देशांचे दाखले

मॅसिडोनिया एकटा नाही. १९१८ साली हॅब्सबर्ग साम्राज्य कोसळल्यावर उरलेल्या जर्मन भाषक प्रदेशाने स्वतःला 'जर्मन-ऑस्ट्रिया' म्हटलं. विजेत्यांनी १९१९च्या सॅं-जर्मेन तहाने ते नाव काढायला लावलं. लादलेल्या नावाशी त्या पिढीचं मन जुळलं नाही आणि १९३८मध्ये जर्मनीतल्या विलीनीकरणाचं अनेकांनी स्वागत केलं. १९४५नंतर मात्र त्याच नावाभोवती एक नवी, वेगळी ऑस्ट्रियन ओळख उभी राहिली. बाहेरून आलेलं नावही आपलं होऊ शकतं, पण त्यासाठी त्या नावाखाली चांगलं जगणं वाट्याला यावं लागतं.

१९८९मध्ये लष्करी राजवटीने 'बर्मा'चं 'म्यानमार' केलं, पण जनतेला विचारलं नाही. म्हणून कोणतं नाव वापरता यावरून तुम्ही कोणाच्या बाजूचे हे अनेक वर्षं ओळखलं जाई. तैवानचे खेळाडू ऑलिंपिकमध्ये 'चायनीज तैपेई' म्हणून उतरतात. २०१८मध्ये तिथल्या मतदारांनी ते नाव बदलण्याचा प्रस्ताव नाकारला, कारण बदलाची किंमत खेळाडूंनी मोजावी लागेल अशी भीती होती. नाव सोसणं हाही कधी कधी विचारपूर्वक केलेला निर्णय असतो.

आपल्या घटनासमितीने १८ सप्टेंबर १९४९ रोजी पहिल्या कलमावर मतदान केलं. ह. वि. कामत यांनी नावाबाबत सुचवलेली दुरुस्ती फेटाळली गेली, आणि डॉ. आंबेडकरांनी मांडलेले 'इंडिया, म्हणजेच भारत' हे शब्द कायम राहिले. स्वातंत्र्याच्या सुमारास जिनांनी 'इंडिया' या नावाला आक्षेप घेतला होता, पण त्यातून मॅसिडोनियासारखी कोंडी झाली नाही. याचं एक कारण आकार आणि सामर्थ्य. दुसरं, मला अधिक महत्त्वाचं वाटणारं कारण असं की आपण दोन नावं शेजारी नांदू दिली. एकात जगाशी असलेलं नातं आहे, दुसऱ्यात घरचा उच्चार आहे. त्यांना एकमेकांविरुद्ध उभं करण्याचा मोह आपल्यालाही अधूनमधून होतो, तेव्हा स्कोप्येची तीस वर्षं आठवावीत.

हिशेब

या सगळ्यातून काय हाती लागतं? नावाच्या वादाने राष्ट्रीय ओळख निर्माण होत नाही, पण तिचा आकार बदलतो. नाकारलेली ओळख कडक होते. ती भूतकाळात खोल खणू लागते आणि जे सापडतं ते आपलं आहे की नाही, हे तपासायला तिला सवड नसते. ती आतल्या भिन्न लोकांकडे संशयाने पाहते. आणि नाकारणाऱ्यालाही हा वाद मोकळा सोडत नाही. ग्रीसमध्ये त्याने सरकारं पाडली आणि उत्तर ग्रीसमधल्या स्लाव्ह भाषकांबद्दल मोकळेपणाने बोलणं आणखी अवघड केलं.

प्रेस्पाने एक भेद कायमचा दाखवून दिला आहे. राज्याचं नाव दोन देशांच्या वाटाघाटीत बसू शकतं, कारण राज्य हा एक करारच आहे. ते पाट्यांवर, पारपत्रांवर आणि शिक्क्यांवर असतं. ते बदलताना दुखतं, पण माणूस आतून मोडत नाही. लोकांचं आणि त्यांच्या भाषेचं नाव तसं नाही. ते आईने शिकवलेलं असतं, त्यात अंगाई असते, पहिली शिवी आणि शेवटची प्रार्थना असते. त्सिप्रास आणि झाएव यांनी हे ओळखलं, म्हणून त्यांचा करार टीका सोसूनही टिकला. सोफियाचा आग्रह त्या मर्यादेच्या पलीकडचा आहे, आणि युरोपने त्याला सामूहिक अटीचं रूप दिलं, हा मला अन्याय वाटतो.

आज थेस्सालोनिकीच्या रस्त्याने जाणाऱ्या स्कोप्येच्या गाडीवर 'एनएमके' असतं. ते या लोकांनी सोसलं, आणि त्यात त्यांचा मोठेपणा आहे. गाडीतली मुलं आईशी ज्या भाषेत भांडतात तिचं नाव मॅसिडोनियन आहे. ते कोणाकडून मंजूर करून घेण्याची वेळ त्यांच्यावर पुन्हा येऊ नये.